हान्स एर्टल, पाण्याखालचा कॅमेरा आणि तारकर्लीहून साताऱ्याला परतण्याचं गणित

वाईचा_घाट (धागाकर्ता)

हान्स एर्टल या जर्मन गिर्यारोहक-छायाचित्रकाराचं नाव बहुतेकांना एका फोटोमुळे माहीत असतं. ३ जुलै १९५३ ला हेरमान बूल नंगा पर्वतच्या माथ्यावर (८,१२६ मी.) एकटा, नळकांड्यातल्या ऑक्सिजनशिवाय पोचला. उतरताना रात्र कड्यावर उभ्याने काढली आणि दुसऱ्या दिवशी संध्याकाळी वरच्या तळावर परत आला. तेव्हा टिपलेल्या त्या फोटोत अठ्ठावीस वर्षांचा बूल साठीचा दिसतो. तो फोटो काढणारा एर्टल. खालून 'उतरा' असा निरोप येऊनही जे चौघे वर थांबले, त्यांतही तो होता.

पण त्याच्याकडे त्याआधीच दोन आयुष्यं पुरतील एवढं जमलं होतं. जन्म म्युनिक, २१ फेब्रुवारी १९०८. १९३० मध्ये हान्स ब्रेमबरोबर आल्प्समधल्या कोनिग्स्पित्सेची (३,८५१ मी.) उत्तर भिंत पहिल्यांदा चढला. १९३१ मध्ये फ्रान्झ श्मिडबरोबर ओर्टलरची (३,९०५ मी.) उत्तर भिंत. (याच श्मिडने त्याच उन्हाळ्यात भाऊ टोनीबरोबर मॅटरहॉर्नची उत्तर भिंत सर केली.) १९३२ मध्ये दिग्दर्शक आर्नोल्ड फांकच्या चित्रपटासाठी ग्रीनलंडला. तिथे हिमनगांवरची कामं करायला नटांपेक्षा गिर्यारोहकच लागणार होते, आणि सिनेमाशी त्याची गाठ पडली ती इथे. १९३४ ला डायरेनफुर्थच्या मोहिमेतून काराकोरममध्ये सिया कांग्रीचं पश्चिम शिखर. १९३६ ला बर्लिन ऑलिंपिकवरच्या लेनी रीफेनश्टालच्या चित्रपटात उडी मारणाऱ्यांमागे पाण्याखाली जाणारा कॅमेरा. १९५० ला बोलिव्हियात इयीमानीचं उत्तर शिखर. पुढे तिथेच शेती केली आणि २००० साली तिथेच वारला.

माझे प्रश्न दोन. एक, त्याच्या कामातली तांत्रिक बाजू इथल्या जाणकारांनी उलगडावी. दोन, वाई-मेणवलीत शूटिंग सतत चालू असतं. दोर हाताळणाऱ्या पोरांना कड्यावरच्या आणि पाण्यातल्या सीनसाठी बोलावणं येतं. एकाच आठवड्यात तारकर्लीला टाकी लावून डाइव्ह आणि पांडवगडाच्या कातळावर दोराचं काम, असं वेळापत्रक कुणी हातात दिलं तर त्यात काय तपासायचं?

मिरजेची_तार

आधी एक गोष्ट. बर्लिनचा तो चित्रपट नाझी राजवटीच्या पैशावर उभा राहिला, आणि युद्धात एर्टल रोमेलच्या आफ्रिकेतल्या फौजेबरोबर छायाचित्रकार होता. हे गाळून चरित्र सांगता येत नाही.

वाईचा_घाट

मान्य, राहून गेलं. त्याची मुलगी मोनिका बोलिव्हियातल्या गनिमांना जाऊन मिळाली आणि १९७३ मध्ये मारली गेली, तो तर वेगळ्या धाग्याचा विषय आहे. इथे दोर, पाणी आणि कॅमेरा एवढंच ठेवू.

कातळकडा

१९३० च्या बर्फाच्या भिंतीबद्दल लिहितो, कारण आजच्या सामानाच्या हिशोबाने वाचलं तर त्यातली मेहनत कळत नाही.

क्रॅम्पॉन (बर्फावर चालायला बुटाखाली बांधायचे लोखंडी दात) तेव्हा बहुतेकांकडे दहा दातांचे. पुढे टोक काढलेले दात लॉरां ग्रिव्हेलने १९२९ ला आणले, पण ते सगळीकडे पोचायला वेळ लागला. दहा दातांवर पन्नास-साठ अंशांच्या कडक बर्फावर सरळ तोंड करून उभं राहता येत नाही. पाऊल आडवं टाकावं लागतं, घोटा मुरगळेपर्यंत वाकवावा लागतो, आणि बर्फ काचेसारखा झाला की कुऱ्हाडीने पायऱ्या खोदाव्या लागतात. एक पायरी म्हणजे चार ते दहा घाव. एका दोरलांबीला चाळीस-पन्नास पायऱ्या धरल्या आणि ओर्टलरच्या हजार-बाराशे मीटर भिंतीला गुणल्या, तर खांद्याचं काय होत असेल याचा अंदाज येतो.

बर्फात ठोकायच्या लांब मेखा १९२४ पासून वापरात होत्या, जर्मन गिर्यारोहक वेल्झेनबाखच्या चढाईपासून. म्हणून या भिंती त्यानंतरच्या दशकात सर झाल्या, आधी नाही. दोर तागाचा किंवा अंबाडीच्या जातीचा. भिजला की फुगतो, गोठला की काठीसारखा ताठ होतो आणि गाठ सुटत नाही. हार्नेस (कंबर-मांड्यांना बांधायचे पट्टे) नाहीच. दोर थेट कंबरेला. असा लटकलेला माणूस बरगड्यांवरच्या दाबाने काही मिनिटांतच श्वासाला महाग होतो. 'पहिल्याने पडायचंच नाही' हा नियम तेव्हा सामानातून आला होता, शौर्यातून नाही.

कोनिग्स्पित्सेच्या माथ्याखाली बर्फाचा मोठा लोंबता गुंडा होता. १९३० ला ब्रेम-एर्टल त्याच्या बगलेतून गेले. तो गुंडाच थेट चढला कुर्ट डीमबर्गर, १९५६ मध्ये.

लेन्सवाला

बर्लिनच्या शॉटची खरी गंमत सांगतो. पाण्याखाली कॅमेरा नेणं ही अर्धीच गोष्ट होती. पाण्याच्या पृष्ठभागातून जाताना शॉट न तोडणं, हे अवघड.

दहा मीटरच्या फळीवरून निघालेला माणूस पाण्याला शिवायला साधारण १.४ सेकंद घेतो, आणि तेव्हा त्याचा वेग ताशी ५० किलोमीटरच्या घरात असतो. तेवढ्या वेळात कॅमेरावाल्याने वरून खाली मान फिरवायची, त्याच्याबरोबर पाण्यात शिरायचं आणि शिरता शिरता दोन कड्या फिरवायच्या.

फोकसची कडी का फिरवायची? पाण्याचा अपवर्तनांक १.३३. सपाट काचेमागून पाहिलं की पाण्यातली वस्तू खऱ्या अंतराच्या तीन चतुर्थांशावर दिसते. लेन्सला खोटं अंतरच खरं वाटतं. माणूस ४ मीटरवर असेल तर हवेत कडी ४ वर, आणि पाण्यात शिरल्या क्षणी ३ वर. वस्तू सुमारे एक तृतीयांशाने मोठी दिसते, म्हणजे लेन्सचा कोनही आक्रसतो. २८ मिमीची लेन्स ३७ सारखी वागते. दुसरी कडी लेन्सच्या छिद्राची. पाण्यात उजेड कमी, पाणी किती गढूळ त्यावर एखादा-दोन स्टॉप (एक स्टॉप म्हणजे दुप्पट उजेड) उघडायचा. एर्टलच्या कॅमेऱ्याची करामत म्हणतात ती ही.

आणि फिल्म किती? ३५ मिमीची १०० फुटांची रीळ सेकंदाला २४ चौकटींच्या वेगाने ६६ सेकंदांत संपते. वेगाने चित्रित करायचं, म्हणजे पडद्यावर संथ दिसायला हवं, तर ४८ ला ३३ सेकंद. त्यात वर येऊन रीळ बदला, काच पुसा, पेटी पुन्हा बंद करा.

आता हे आजच्या कामाला लावू. मेणवलीच्या घाटावर अर्धं पाण्यात-अर्धं वर असा शॉट सारखा मागितला जातो. सपाट काचेवर तो जमत नाही, घुमटाची काच लागते, आणि घुमट जितका मोठा तितकं बरं. वरच्या आणि खालच्या भागाचा फोकस वेगळा पडतो, म्हणून एफ ११ ते १६ पर्यंत छिद्र बारीक करावं लागतं. त्यासाठी उजेड हवा, म्हणजे सकाळी नऊ ते अकरा. संध्याकाळच्या सोनेरी उजेडात हा शॉट मागणाऱ्या दिग्दर्शकाला आधीच नाही सांगा.

कॅमेऱ्याच्या पेटीच्या ओ-रिंगबद्दल (पाणी अडवणारी रबरी कडी) दोन ओळी. सिलिकॉन ग्रीस बोटाला लागेल न लागेल इतकंच; जास्त लावलं की त्यालाच वाळू चिकटते. एक केस, एक वाळूचा कण, एवढ्याने पाणी शिरतं. पहिली बुडी नेहमी रिकाम्या पेटीची, आत टिश्यू पेपर ठेवून. आणि एसी खोलीतून काढलेली पेटी मालवणच्या दमट हवेत उघडू नका. आत दव धरतं आणि पाण्यात गेल्यावर काच आतून धुरकट होते. बंद पिशवीत अर्धा-पाऊण तास बाहेरच्या तापमानाला येऊ द्या, मग आत सिलिका जेल टाकून बंद करा. नंगा पर्वतसारख्या थंडीतही तेच: गार कॅमेरा उबदार तंबूत आणताना पिशवीत बंद करूनच आणायचा.

ओला_दोर

थंडीतली आणखी एक गोष्ट: फिल्म ठिसूळ होते, झटक्यात फिरवली की स्थिर विजेच्या ठिणग्यांनी तिच्यावर झाडाच्या फांद्यांसारखे डाग उमटतात, आणि कॅमेऱ्यातलं वंगण घट्ट होतं. म्हणून अशा मोहिमांना कॅमेऱ्यातलं तेल काढून नेत. हे अवांतर.

निळाशार

धाग्यात 'डायव्हर' शब्द सैल वापरला जातोय. १९३६ ला पाठीवर टाकी लावून मोकळं फिरण्याची सहज सोय नव्हती. कुस्तो आणि गान्यां यांचा रेग्युलेटर (टाकीतली हवा तोंडाला देणारं साधन) १९४३ चा. त्यामुळे बर्लिनमध्ये जे झालं ते श्वास रोखून. त्यात नायट्रोजनचा त्रास नव्हता. धोका होता शुद्ध हरपण्याचा.

तो आजही आहे, आणि शूटिंगवर जास्त आहे. नट किंवा डुप्लिकेट बुडी मारण्याआधी भराभर दहा-वीस खोल श्वास घेतो. त्याने ऑक्सिजन फारसा वाढत नाही, फक्त रक्तातला कार्बन डायऑक्साइड उतरतो. श्वास घ्यावासा वाटतो तो या दुसऱ्या वायूमुळे. म्हणजे धोक्याची घंटाच काढून ठेवली. घुसमट जाणवायच्या आत माणूस बेशुद्ध पडतो, बहुतेकदा वर येताना शेवटच्या दोन-तीन मीटरमध्ये, आणि काठावरच्यांना वाटतं की सीन चालू आहे. नियम साधे आहेत: बुडीआधी शांत श्वास, दोन बुड्यांमध्ये पाण्याखालच्या वेळेच्या निदान दुप्पट विश्रांती, आणि पाण्यात कायम एक जण ज्याचं काम फक्त त्या एका माणसाकडे बघणं.

याहून वाईट प्रकार वेगळा. टाकीवाला सेफ्टी डायव्हर तळाशी बसलेला असतो. टेकच्या मध्ये नटाला वर यायला लागू नये म्हणून तो आपला जादा रेग्युलेटर त्याच्या तोंडाला देतो. नट एक श्वास घेतो, बुडबुडे दिसू नयेत म्हणून रोखतो, आणि सीनमध्ये वर येतो. तीन मीटरवर दाब १.३ पट. तिथे भरलेली फुप्फुसं वर येताना १.३ पट व्हायला बघतात. फुप्फुसं फाटायला सव्वा मीटरही पुरतो. म्हणून ज्याने टाकीतला एक जरी श्वास घेतला त्याने वर येताना हवा सोडत यायचं, मग शॉटमध्ये बुडबुडे दिसोत. बुडबुड्याविना वर येण्याचा शॉट हवा असेल तर नटाने पृष्ठभागावरचाच श्वास घेऊन खाली जायचं. हे दोन शॉट कॉलशीटवर वेगळे लिहा, एकात मिसळू नका.

सांगलीकर_ताई

सरावासाठी लांब जायला नको म्हणून सांगलीत कृष्णेतच उतरलं तर? आयर्विन पुलाच्या वरच्या अंगाला पाणी खोल असतं.

निळाशार

ताई, नको. भिलवडी-औदुंबर पट्ट्यापासून खाली कृष्णेत मगरी आहेत हे तुम्हाला माझ्याहून जास्त माहीत. त्याशिवाय दृश्यता हातभर, आणि तळाशी जुनी जाळी, तारा, बुडलेली झाडं. गढूळ पाण्यात अडकला की सुटण्यापेक्षा आपण कुठे अडकलोय हे कळायलाच वेळ जातो. जलतरण तलावाचा तीन मीटरचा कोपरा पुरतो.

वाईचा_घाट

आणि तारकर्लीनंतर पांडवगड?

निळाशार

हाच या धाग्याचा गाभा, म्हणून सविस्तर लिहितो.

टाकी लावून खाली असताना दाबामुळे नायट्रोजन अंगात मुरतो. वर आल्यावर तो काही तास हळूहळू बाहेर पडतो. तेवढ्यात बाहेरचा दाब आणखी कमी केला, म्हणजे विमानात बसलात किंवा घाट चढलात, तर त्याचे बुडबुडे होऊ शकतात. सोड्याच्या बाटलीचं झाकण सैल करण्यासारखं. सांधेदुखी, मुंग्या, चक्कर, आणि वाईट वेळी पाय निकामी.

आपल्याकडचे आकडे बघा. मालवण समुद्रसपाटीला. आंबोली साधारण ६९० मीटर. सांगली ५४९. सातारा ७४२. महाबळेश्वर १,३५३. हवेचा दाब सांगलीत समुद्रसपाटीच्या साडेत्र्याण्णव टक्के, साताऱ्यात साडेएक्याण्णव, महाबळेश्वरी ८५.

डायव्हर्स अलर्ट नेटवर्क या डायव्हरांच्या सुरक्षिततेसाठीच्या संस्थेचा विमानाबाबतचा सल्ला केबिनमधल्या ६१० ते २,४३८ मीटर उंचीच्या दाबासाठी आहे: बिनथांब्याचा एकच डाइव्ह असेल तर निदान १२ तास, एका दिवसात अनेक किंवा अनेक दिवस डाइव्ह असतील तर निदान १८ तास, आणि वर येताना ठरवून थांबे घ्यावे लागले असतील तर १८ पेक्षा बरेच जास्त. शरीराला विमान आणि लाल डबा यांतला फरक कळत नाही. ६१० ची रेघ मारली की सांगलीकर स्वतःच्या घरी रेघेखाली आहे, पण वाटेतला घाटमाथा त्याला रेघेवर नेऊ शकतो. सातारकर घरी पोचल्यावरही रेघेवरच राहतो.

अजिंक्यतारा_३३००

एवढं काटेकोर कशाला? दर रविवारी शेकडो पर्यटक मालवणात बुडी मारून त्याच संध्याकाळी घाट चढतात. सगळे ठणठणीत असतात.

निळाशार

पर्यटकांची बुडी पाच-सहा मीटरला पंधरा-वीस मिनिटांची असते. त्यात मुरलेला नायट्रोजन नगण्य. अमेरिकी नौदलाचा तक्ता उंची आणि अंगात मुरलेल्या वायूचा गट दोन्ही बघतो, आणि कमी गटाला एवढ्या उंचीसाठी तो थांबायला लावतच नाही. तुमचा मुद्दा त्यांच्यापुरता बरोबर.

शूटिंगवाल्याचं गणित वेगळं आहे. तो दिवसभरात बारा ते अठरा मीटरवर तीन-चारदा जातो. त्याहून वाईट म्हणजे प्रत्येक टेकला वर येतो, सूचना ऐकतो, पुन्हा खाली जातो. या वर-खाली खेळात प्रत्येक वर येणं हे एक स्वतंत्र वर येणं असतं. मिनिटाला ९ मीटर हा वेग आणि ५ मीटरवरचा तीन मिनिटांचा थांबा पहिल्या वेळी पाळला जातो. सातव्या टेकला सहायक दिग्दर्शक वरून हात हलवत असतो. उपाय एकच: दिग्दर्शकाच्या सूचना खाली पोचवा. पाटी आणि पेन्सिल, ठरलेल्या खुणा, किंवा पाण्याखालचा स्पीकर. डायव्हर खालीच राहील, टाकी बदलायलाच वर येईल.

दुसरी गोष्ट, डाइव्हनंतर त्याच दिवशी झुमारिंग (पकडीच्या साधनाने दोरावरून वर चढणं), जड पिशव्या उचलणं, कड्यावर ओढाताण हे नको. जोराच्या श्रमाने बुडबुडे वाढतात. पाणी भरपूर प्या. डाइव्हच्या संध्याकाळी दारू नको, हे मालवणात सांगणं जिवावर येतं, तरी सांगतो.

अजिंक्यतारा_३३००

मग उलटा क्रम? आधी गड, मग समुद्र?

निळाशार

बरोबर. उंचावरून खाली येऊन डाइव्ह करण्यात ही अडचण नाही. फक्त थकलेला, कोरडा पडलेला आणि सर्दी झालेला माणूस पाण्यात नको. सर्दीत कान मोकळे होत नाहीत, आणि पहिल्या तीन मीटरमध्येच पडदा दुखावतो. तिथे दाब सर्वांत वेगाने बदलतो: पृष्ठभागापासून दहा मीटरवर हवा निम्मी होते, पण त्यापुढे पुन्हा निम्मी व्हायला आणखी वीस मीटर लागतात.

ओला_दोर

कड्यावरच्या रिटेकचंही असंच आहे. गिर्यारोहक एक अवघड जागा एकदा पार करतो, सिनेमात ती दहा वेळा पार करायची असते. सामान मात्र एकदाच्या हिशोबाने आणलेलं असतं.

उतरायच्या सीनसाठी कमी ताणला जाणारा स्टॅटिक दोर. युरोपीय मानकाच्या अ प्रकाराला निदान २२ किलोन्यूटन (एक किलोन्यूटन म्हणजे साधारण १०० किलोचा भार), गाठ मारल्यावर १५. पडण्याचा सीन असेल तर ताणून धक्का खाणारा डायनॅमिक दोर. त्याच्या चाचणीत ८० किलोच्या वजनाने पहिल्या पडण्यात १२ किलोन्यूटनच्या आत धक्का आणि निदान पाच पडणं सोसायला हवं. ती पाचची संख्या प्रयोगशाळेतल्या भयंकर पडण्याची आहे, म्हणजे दोराच्या लांबीच्या पावणेदोन पट. सीनमधलं पडणं त्यापेक्षा बरंच सौम्य असतं, पण दोन गोष्टी विसरू नका. लागोपाठ पडलं की दोराला पूर्ववत व्हायला वेळ मिळत नाही आणि दुसरा धक्का पहिल्यापेक्षा कडक बसतो. आणि गाठ आवळून बसली की तीही धक्का खायची थांबते. प्रत्येक पडण्यानंतर पाच-दहा मिनिटं, गाठ सोडून पुन्हा बांधणं, आणि दोन-तीन टेकनंतर दोराचं टोक बदलणं.

दोर भिजला तर? माझं नावच ते आहे म्हणून सांगतो. ओल्या नायलॉन दोराची पडणं सोसायची क्षमता एक तृतीयांशापर्यंत उतरू शकते. धबधब्याचा सीन सकाळी आणि कड्यावर पडण्याचा दुपारी असेल, तर दोन वेगळे दोर आणा. ओला दोर उन्हात नाही, सावलीत वाळवा.

घासण्याबद्दल: प्रत्येक टेकला दोर कातळाच्या त्याच धारेवर त्याच जागी घासतो. धारेखाली जाड कापड किंवा जुन्या फायर होजचा तुकडा घाला, आणि दर दोन टेकनंतर वरून वीतभर दोर सोडा म्हणजे घासणारी जागा बदलते. उतरणाऱ्याने मध्येच तापलेल्या, आठच्या आकाराच्या उतरायच्या कडीवर थांबून संवाद म्हणायचा नाही. नायलॉनचं कवच तिथे चकाकायला लागतं.

कातळकडा

अँकरबद्दल (दोर बांधायचा पक्का आधार) पुरवणी. दोन अँकरना जोडणाऱ्या पट्ट्यांमधला कोन ६० अंश असेल तर प्रत्येकावर भाराचा ५८ टक्के भाग, ९० ला ७१, आणि १२० ला पूर्ण १००. म्हणजे दोन अँकर असून नसल्यासारखे. पट्ट्या लांब घ्या.

आपला बसाल्ट सगळीकडे सारखा नाही. घट्ट काळ्या थरात बोल्ट छान धरतो. मधला लालसर मातकट थर आणि पोकळ्यांनी भरलेला थर दिसायला कातळच, पण बोल्ट त्यात फिरतो. हातोडीने ठोकून ऐका: खणखणीत आवाज आला तर ठीक, बद्द आला तर दुसरी जागा. आणि पांडवगड, वैराटगड, कमळगड हे किल्ले आहेत. तटाला, टाक्यांना, कोरीव कामाला बोल्ट मारणं कायद्यात बसत नाही आणि बसूही नये. परवानगीच्या कागदावर काय लिहिलंय ते दोरवाल्याने स्वतः वाचावं. शक्य तिथे झाड, बुंधा, मोठा धोंडा.

मिरजेची_तार

तारेच्या कामाबद्दल थोडं. सिनेमात दोर दिसू नये म्हणून बारीक स्टीलची तार किंवा डायनीमा (अतिशय मजबूत कृत्रिम धाग्याचा दोर) वापरतात. दोन्ही जवळपास ताणले जात नाहीत. नायलॉनच्या दोरावर अर्धा मीटर ढील सोडून पडलं तर हिसका बसतो. तारेवर तेवढ्याच ढिलीत कंबर मोडते. तारेवर ढील शून्य. डायनीमाला गाठी सरकतात, आणि तो १४५ अंशांच्या आसपास वितळतो, म्हणून तो दुसऱ्या हलत्या दोरावर घासता कामा नये.

वरच्या कप्पीचा हिशोब बहुतेक जण चुकतात. ८० किलोचा माणूस एका बाजूला, ओढणारे दुसऱ्या बाजूला. कप्पीवर भार ८० नाही, १६० आणि वर हिसक्याचा. त्यामुळे क्रेनच्या हाताला, कॅमेऱ्याच्या जिबला किंवा मांडवाच्या बांबूला कप्पी टांगायची नाही. बॅकअपची दुसरी तार वेगळ्या अँकरवर. तीही त्याच कप्पीतून गेली तर तो बॅकअप फक्त नावाला.

कपड्याखालच्या हार्नेसची शेवटची तपासणी कपडा चढवण्याआधी, आणि दुसरी चढवल्यावर चाचपून. नेसवणारे लोक निऱ्या नीट बसाव्यात म्हणून बकलाचा पट्टा सैल करतात, वाईट हेतू नसतो. नऊवारीच्या आत पायाचे पट्टे हमखास वर सरकतात. आणि लाइट लागेपर्यंत नटाला लटकवून ठेवायचं नाही. हालचाल न करता लटकलेल्या माणसाचं रक्त पायात साठतं आणि काही मिनिटांत तो घेरी येऊन पडू शकतो. लाइट डमीवर लावा, माणूस शेवटी.

सांगलीकर_ताई

आग्या मोहोळ कुणीच लिहिलं नाही!

कातळकडा

ताई, खरंय, ते वर यायला हवं होतं. वाईच्या बाजूच्या कड्यांना, पुढे झुकलेल्या कातळाखाली, पोळी लटकलेली असतात. धूर, अत्तर, ड्रोनचा आवाज आणि वरून घरंगळलेला धोंडा, यांतलं काहीही पुरतं. धुराचं मशीन आणि ड्रोन हे दोन्ही शूटिंगला हवेच असतात. आदल्या दिवशी दुर्बिणीने कडा तपासा, पोळं दिसलं तर जागा बदला. दोरावर लटकलेल्याला पळता येत नाही. म्हणून त्याला खालून पटकन उतरवता येईल अशी सोडायची व्यवस्था आधीच ठेवा, वरून ओढून घेण्याची नव्हे.

अजिंक्यतारा_३३००

धोम किंवा कोयनेच्या शिवसागरात टाकी लावायची वेळ आली तर?

निळाशार

दोन दुरुस्त्या. शिवसागर भरला की पातळी ६५९ मीटरच्या आसपास, धोम सातशेच्या वर. तीनशेच्या वर समुद्रासाठीचे खोली-वेळेचे तक्ते जसेच्या तसे चालत नाहीत. साताऱ्याच्या उंचीला १८ मीटर म्हणजे तक्त्यात सुमारे १९.७ धरायचे, गोड्या पाण्याची सूट धरली तरी १९ च्या वर. बहुतेक नवी मनगटी कॉम्प्युटर उंची स्वतः ओळखतात, पण चालू केल्यावर कोणती उंची दाखवतात ते बघा. जुन्यांना हाताने सांगावं लागतं.

दुसरी, बुडायला कंबरेला बांधायचं शिसं. समुद्राचं पाणी सुमारे अडीच टक्के जड. माणूस आणि सामान मिळून ९० किलो असेल तर गोड्या पाण्यात साधारण सव्वादोन किलो शिसं कमी लागतं. तारकर्लीचा सहा किलोचा पट्टा तसाच घालून धोममध्ये उतरलात तर तळ दिसण्याआधी तळाला टेकाल, आणि तिथे गाळ आहे.

लेन्सवाला

शिकायचं कुठे, हे कुणीतरी विचारेलच. गिर्यारोहणाला उत्तरकाशी किंवा दार्जिलिंगचा २८ दिवसांचा बेसिक. अ श्रेणी मिळाली तरच पुढचा अ‍ॅडव्हान्स्ड. पाण्याला तारकर्लीचं एमटीडीसीचं केंद्र, ओपन वॉटर म्हणजे १८ मीटरपर्यंत. दम्याचा त्रास असेल तर वैद्यकीय प्रश्नपत्रिकेत लपवू नका.

वाईचा_घाट

सगळ्यांचे आभार. वेळापत्रक उलटं करून मागितलं, निर्मितीवाल्यांनी मान्य केलं. सोमवार-मंगळवार पांडवगड, बुधवारी प्रवास, गुरुवार-शुक्रवार तारकर्लीत टाकीचं काम, शेवटची बुडी शुक्रवारी दुपारी तीनला वर. शनिवारी सकाळी सातला निघून आंबोलीमार्गे सातारा. हे बसतं का?

निळाशार

दोन दिवस अनेक डाइव्ह, म्हणजे निदान १८ तास. तीनपासून अठरा म्हणजे शनिवारी सकाळी नऊ. सातला निघालात तर नऊपर्यंत सावंतवाडीच्या पुढे, घाटाच्या पायथ्याशी किंवा घाटातच असाल. निघायची वेळ नऊ करा, किंवा सावंतवाडीत मिसळ खाऊन तासभर बसा. शुक्रवारी शेवटची बुडी लांबून पाच वाजले तर शनिवारची वेळही अकरा होते, म्हणून गाडीवाल्याला आधीच सांगून ठेवा. आणि शनिवारी कुणाला सांधा दुखला, मुंग्या आल्या, तर 'दोरामुळे असेल' म्हणून घाट चढू नका. आडवं झोपवा, ऑक्सिजन लावा, आणि मुंबईत नौदलाच्या अश्विनी रुग्णालयात दाबकक्षाची सोय आहे, तिकडे नेण्याबद्दल डॉक्टरला किनाऱ्यावरूनच फोन करा.

वाईचा_घाट

नऊ केलं. गाडी नऊला निघेल, तेही शेवटची बुडी तीनला संपली तर.